ज्युनिअरला बढती आणि मला ‘स्टाफ’चं पत्र : सही करू का?

बुटीबोरी एमआयडीसीतल्या एका ऑपरेटरने विचारलेला प्रश्न असा : “कारखान्यात १६ वर्षं झाली. माझ्यानंतर लागलेल्या तिघांना दीड महिन्यापूर्वी चार्जहॅन्ड, म्हणजे ऑपरेटरच्या वरच्या जागेवर, केलं, मला वगळलं. मी युनियनच्या कमिटीत आहे. एचआरला विचारलं तर म्हणाले, प्रमोशन हा मॅनेजमेंटचा अधिकार आहे, कोर्टात जाऊनही काही होत नाही. आणि आता गेल्या सोमवारी मलाच ‘असिस्टंट एक्झिक्युटिव्ह’चं पत्र दिलं. पगार ४,२०० रुपयांनी वाढतो. सात दिवसांत सही करून द्या म्हणतात. घरचे म्हणतात, घेऊन टाक. सही करू का?”

आज सही करू नका. पण पत्र नाकारूही नका. सात दिवस संपायच्या आत लेखी उत्तर द्या; त्यात काय लिहायचं ते पुढे सांगतो. दुसरं, दीड महिना झाला म्हणता, म्हणजे कोर्टात तक्रार करायच्या ९० दिवसांपैकी निम्मे गेले. तिघांच्या बढतीबद्दल तक्रार करायची असेल तर मुदत त्या बढतीच्या तारखेपासून चालते, तुमच्या हाती आलेल्या नव्या पत्राच्या तारखेपासून नाही. ही दोन प्रकरणं वेगळी ठेवा. नागपुरात २७ वर्षं कामगारांच्या बाजूने वकिली करताना मी पाहिलं आहे, की माणसं ही दोन्ही एकाच अर्जात कोंबतात आणि दोन्ही गमावतात. बढती मिळणं ही एक गोष्ट आणि सेवाशर्ती बदलणं ही दुसरी. कायदा दोन्हींकडे वेगळ्या नजरेने पाहतो.

आधी एचआरचं वाक्य घेऊ. ते अर्धं खरं आहे, म्हणूनच त्याने माणूस गप्प होतो. कोणाला वरच्या जागेवर घ्यायचं हे ठरवणं व्यवस्थापनाचं काम आहे, हे सर्वोच्च न्यायालयाने १९६६ साली ब्रुक बाँड कंपनीच्या प्रकरणात स्पष्ट म्हटलं. पण त्याच निकालात पुढे हेही आहे, की बढती देताना दुष्ट हेतूने किंवा सूड म्हणून एखाद्याला डावललं असेल तर न्यायाधिकरण हस्तक्षेप करू शकतं. एचआर पहिलं वाक्य सांगतो आणि तिथेच थांबतो.

दुसरी एक गोष्ट कंपनीचे वकील हमखास पुढे करतात, ती आधीच माहीत असू द्या. बढतीची नुसती शक्यता ही सेवाशर्त नाही. मोहम्मद शुजात अली प्रकरणात १९७४ साली आणि चंद्रकांत अनंत कुलकर्णी प्रकरणात १९८१ साली सर्वोच्च न्यायालयाने हे सांगितलं. दोन्ही वाद १९५६ च्या राज्य पुनर्रचनेतून निघालेले. नागपूर मध्य प्रदेशाची राजधानी होतं ते त्याच वर्षी मुंबई राज्यात आलं, आणि इथल्या कित्येक घरांत आजोबांच्या सिनिऑरिटीची गोष्ट अजून सांगितली जाते. कोण कुठल्या यादीत कितवा लागला, कोणाचं प्रमोशन त्यात गेलं. त्या वादांतून तत्त्व निघालं ते असं : मी आठव्या नंबरवर होतो, आता बाराव्यावर गेलो, म्हणजे माझी बढती लांबली, एवढ्यावर सेवाशर्त बिघडली असं होत नाही. पण बढतीसाठी माझा विचारच झाला नाही, ही तक्रार मात्र वेगळी. विचार होणं ही सेवाशर्त आहे. सरकारी नोकरीत तर १९९९ च्या अजित सिंग निकालाने त्याला घटनेच्या १६ व्या कलमाखालचा मूलभूत हक्क म्हटलं. तुमची कंपनी खासगी, तिला ते कलम थेट लागू नाही. तुमच्याकडे ते काम युनियन आणि कंपनीतला करार करतो.

म्हणून माझा पहिला प्रश्न नेहमी हाच असतो : बढतीचा नियम कुठे लिहिला आहे? स्थायी आदेशांत, म्हणजे कारखान्याच्या लेखी सेवानियमांत, बढतीबद्दल बहुतेक वेळा फारसं काही सापडत नाही. तो सापडतो वेतनकराराच्या शेवटी जोडलेल्या परिशिष्टात. ते परिशिष्ट कोणी वाचत नाही, कारण करार झाला की सगळ्यांचं लक्ष पहिल्या पानावर, किती हजार वाढले याकडे असतं.

हिंगण्याचा एक फिटर असाच माझ्याकडे आला होता. तासभर तो बोलला : अन्याय कसा झाला, सुपरवायझर कोणाचा नातेवाईक आहे, कोण कोणाच्या लग्नात वाढप करत होता. मग म्हणाला, “साहेब, कागद तर माझ्यापाशी कोनताच नाही.” मी त्याला युनियनच्या ऑफिसात पाठवलं आणि सांगितलं, मागच्या तीन करारांच्या पूर्ण प्रती आण, पहिलं पान नको. तीन दिवसांनी तो झेरॉक्स घेऊन आला. त्यातल्या सगळ्यात जुन्या करारात परिशिष्ट ‘क’ होतं : चार्जहॅन्डची रिकामी जागा आधी त्याच विभागातल्या ज्येष्ठ पात्र कामगारातून भरायची, पात्रता म्हणजे ट्रेड टेस्टमध्ये किमान ५० टक्के, आणि टेस्टची नोटीस सात दिवस आधी बोर्डावर लावायची. नंतरच्या दोन्ही करारांत एक ओळ होती, की जुन्या करारातल्या ज्या बाबी इथे बदललेल्या नाहीत त्या तशाच चालू राहतील. त्या एका ओळीवर आमचं प्रकरण उभं राहिलं. उलटतपासात मी कंपनीच्या अधिकाऱ्याला टेस्टची तारीख विचारली, त्याने सांगितली. टेस्टची नोटीस मागितली, ती नव्हती. हजेरीपत्रक मागितलं, तेही नव्हतं. उत्तरपत्रिका एकट्या निवडलेल्या माणसाची होती. कोर्टाने त्याच्या बढतीचा नव्याने विचार करायचा हुकूम केला आणि त्याला जागा मिळाली. पण निकालाला चार वर्षं लागली, त्याच्या निवृत्तीला दोनच उरली होती, आणि मागचा फरक मिळाला नाही. हे मुद्दाम सांगतो, कारण कोर्ट तुम्हाला थेट चार्जहॅन्ड करेल असं समजून चालू नका. ब्रुक बाँडपासून न्यायालयांचा कल असा आहे, की डावलणं बेकायदा ठरलं तरी निवड पुन्हा करायचं काम व्यवस्थापनाकडेच पाठवायचं. नव्याने विचार करा, नियमाप्रमाणे करा, इतक्या दिवसांत करा, असा हुकूम होतो. नियम नीट लिहिलेला असेल तर त्या नव्या विचारात तुम्हाला टाळायला कंपनीकडे जागा फारच कमी राहते.

तर तुमचा करार काढा. त्यात ‘ज्येष्ठता आणि गुणवत्ता’ असं लिहिलंय की ‘गुणवत्ता आणि ज्येष्ठता’, हे शब्द कुठल्या क्रमाने आहेत ते बघा. वरवर एकच वाटतं, पण दोन्हींचा अर्थ वेगळा आहे. १९९८ साली बी. व्ही. शिवय्या प्रकरणात, ग्रामीण बँकांच्या बढत्यांच्या वादात, सर्वोच्च न्यायालयाने हे सोडवून सांगितलं. ज्येष्ठता आधी असेल तर किमान पात्रतेची एक रेषा आखायची. जो ती ओलांडेल त्यांत जो सिनिअर तो पुढे. ज्युनिअरला जास्त मार्क पडले म्हणून त्याला वर घेता येत नाही. गुणवत्ता आधी असेल तर मात्र गुणांची तुलना होते आणि ज्येष्ठता बरोबरी झाल्यावर कामाला येते. माझ्याकडे आलेल्या निम्म्या प्रकरणांत कंपनीने करारात पहिला शब्दप्रयोग केला होता आणि निवड दुसऱ्या पद्धतीने केली होती. मुलाखतीला ४० मार्क, त्यात ज्युनिअरला ३६ आणि सिनिअरला १४. अशा गुणपत्रिकेला पहिल्या शब्दप्रयोगाखाली काही आधार नाही.

करारात नियमच नसेल तर? मग प्रथा बघायची. मागच्या दहा वर्षांत तुमच्या विभागात जे जे चार्जहॅन्ड झाले त्यांची नावं, टोकन नंबर, रुजू झाल्याच्या तारखा आणि बढतीच्या तारखा एका कागदावर उतरवा. सगळे ओळीने सिनिऑरिटीप्रमाणे गेले असतील आणि यंदाच ओळ मोडली असेल, तर तो कागद कुठल्याही भाषणापेक्षा जास्त बोलतो. हे काम वकील करू शकत नाही. ते शॉपफ्लोअरवरच्या माणसालाच जमतं.

ज्येष्ठता यादीबद्दल एक सांगतो, कारण इथे कामगार स्वतःच चुकतात. यादीत तुमची तारीख कुठली धरली आहे? ट्रेनी म्हणून लागलात ती, प्रोबेशनची, की कायम झालात ती? महाराष्ट्राच्या नमुना स्थायी आदेशांत ४-क हे कलम आहे : बारा महिन्यांत एकूण २४० दिवस काम केलेल्या बदली किंवा तात्पुरत्या कामगाराला कायम करायला हवं, हंगामी कारखान्यात सलग १९० दिवस. तुम्हाला २४० दिवस भरल्यावर दोन वर्षांनी कायम केलं असेल, तर ती दोन वर्षं सिनिऑरिटीतून गेली आणि त्याचा परिणाम आज दिसतो आहे. पण १६ वर्षं यादी बोर्डावर लागत राहिली, तुम्ही एकदाही हरकत घेतली नाही, आणि आज बढतीच्या वेळी जुनी तारीख उकरून काढली, तर कोर्ट विचारणारच की इतके दिवस काय केलं. यादी लागली की मोबाइलवर फोटो काढा, चूक असेल तर त्याच आठवड्यात लेखी हरकत द्या आणि दुसऱ्या प्रतीवर कंपनीचा शिक्का घ्या. शिक्का देत नसतील तर रजिस्टर्ड पोस्टाने पाठवा.

आता कुठे जायचं ते. महाराष्ट्रात आपल्याला एक हत्यार आहे जे बहुतेक राज्यांत नाही, ते म्हणजे १९७१ चा कामगार संघांना मान्यता देण्याचा आणि अनुचित कामगार प्रथांना प्रतिबंध करण्याचा कायदा. कोर्टाच्या आवारात आम्ही त्याला ‘यूएलपी’ म्हणतो. त्याच्या चौथ्या अनुसूचीत पाचवा आयटम आहे : गुणवत्ता न बघता एका गटावर मेहेरबानी करणं, पक्षपात करणं. नववा आयटम : निवाडा, तडजोड किंवा करार न पाळणं. बढतीच्या बहुतेक तक्रारी या दोनांत बसतात. त्यातला नववा भक्कम आहे. पक्षपात सिद्ध करायला माणसाच्या मनात शिरावं लागतं. करार मोडल्याचं सिद्ध करायला करार आणि हुकूम शेजारी ठेवले की झालं.

तुमच्या बाबतीत दुसरी अनुसूचीही लागते. तिच्या चौथ्या आयटममध्ये युनियनच्या कामामुळे सिनिऑरिटी बदलणं, युनियनच्या कामामुळे बढती नाकारणं, आणि कामगारांत फूट पाडायला किंवा युनियन कमजोर करायला काही जणांना लायकी नसताना बढती देणं, हे तिन्ही वेगवेगळं लिहिलेलं आहे. १९७१ साली हा कायदा लिहिणाऱ्यांना कारखान्यात काय चालतं ते नीट ठाऊक होतं, असं मला दर वेळी तो आयटम वाचताना वाटतं. पण तुम्ही कमिटीत आहात एवढ्याने ते सिद्ध होत नाही. वगळल्याच्या आसपास काय घडलं? मागणीपत्रावर तुमची सही होती का, एखाद्या बैठकीत तुम्ही बोललात आणि त्याच्या इतिवृत्तात नाव आलं का, चार्जहॅन्ड झालेल्या तिघांनी त्याच सुमारास युनियन सोडली का? तारखा एकाखाली एक मांडा. हेतू तारखांतून दिसतो. त्या आयटमचा आधार तारखा जुळत असतील तरच घ्या. नुसता राग म्हणून घेतला तर भक्कम असलेला नववा आयटमही कोर्टाच्या नजरेत हलका होतो.

दरवाजा कुठला, हे नीट लक्षात ठेवा. चौथ्या अनुसूचीतला पहिला आयटम, म्हणजे कामावरून काढणं, तेवढाच कामगार न्यायालयात जातो. बाकी सगळ्या अनुचित प्रथांची तक्रार औद्योगिक न्यायालयात, कलम २८ खाली, घटनेपासून ९० दिवसांत. उशीर झाला तर सबळ कारण देऊन माफी मागता येते, पण ज्याच्याकडे अजून ४५ दिवस आहेत त्याने माफीवर का विसंबावं? पाचव्या आणि नवव्या आयटमसाठी तुम्ही स्वतःच्या नावाने जाऊ शकता. मान्यताप्राप्त युनियनमार्फतच जायची सक्ती दुसऱ्या आणि सहाव्या आयटमपुरती आहे. आणि त्या तिघांना प्रतिवादी करायला विसरू नका. हे कोणालाच आवडत नाही, रोज एकाच मशीनवर चहा पिणारी माणसं. पण त्यांच्या जागेला धक्का लागेल असा हुकूम त्यांना न ऐकता कोर्ट देणार नाही, आणि दोन वर्षांनी तक्रार दुरुस्त करायला लावेल. त्यांना तोंडी आधीच सांगा की वाद कंपनीशी आहे.

आता ते पत्र. तुम्ही त्याचा फोटो पाठवला, मी तीनदा वाचला.

पहिला परिच्छेद अभिनंदनाचा. दुसऱ्यात नवं पद. तिसऱ्यात ‘तुमच्या सध्याच्या सर्व सेवाशर्ती या पत्राच्या तारखेपासून संपुष्टात येतील’. चौथ्यात भारतात कुठेही बदली. पाचव्यात सहा महिने प्रोबेशन, आणि प्रोबेशनमध्ये कारण न देता सेवा संपवता येईल. खाली मूळ ग्रेडवर परत घेण्याबद्दल एक शब्द नाही. सातव्यात एक महिन्याची नोटीस किंवा एक महिन्याचा पगार देऊन दोन्ही बाजूंना करार संपवता येईल. ओव्हरटाइमचा उल्लेखच नाही.

चार्जहॅन्डची जागा युनियनच्या करारात येते. असिस्टंट एक्झिक्युटिव्हची येत नाही. ज्या तिघांना वर घेतलं ते करारातच राहिले. तुम्हाला मात्र बाहेर नेणारी बढती आहे. कामगार कायद्यांचं संरक्षण ‘कामगार’ या व्याख्येवर टांगलेलं आहे. औद्योगिक विवाद कायद्यात देखरेखीचं काम करणारा आणि महिन्याला १०,००० रुपयांहून जास्त घेणारा कामगार नव्हता. नव्या औद्योगिक संबंध संहितेत ही रेघ १८,००० वर आहे. तुमचा आजचा पगारच त्याच्या वर असेल. म्हणजे उद्या तुमचं काम देखरेखीचं ठरलं, की तुम्ही त्या संरक्षणाच्या बाहेर. यूएलपीच्या कायद्यातला ‘कर्मचारी’ही मुळात त्याच व्याख्येवरून घेतलेला आहे. तेव्हा सही केली की तिघांच्या बढतीविरुद्धच्या तुमच्या तक्रारीतही कंपनी पहिल्याच दिवशी म्हणेल, हे तर अधिकारी आहेत, यांना या कोर्टात येताच येत नाही. घटनेच्या दिवशी तुम्ही कामगार होता, हे आम्ही सांगू, पण दोन वर्षं त्याच मुद्द्यावर जातील.

नुसतं पदाचं नाव बदलल्याने कोणी अधिकारी होत नाही, हे खरं. १९८५ च्या अर्काल गोविंद राज राव प्रकरणात आणि १९९४ च्या एस. के. मैनी प्रकरणात सर्वोच्च न्यायालयाने सांगितलं आहे, की माणसाचं मुख्य काम काय आहे ते बघायचं, बिल्ल्यावर काय लिहिलंय ते नाही. पण ते सिद्ध करणं किती कठीण जातं ते सांगतो. असंच पत्र घेतलेल्या एका माणसाला चौदा महिन्यांनी एक महिन्याचा पगार हातात देऊन घरी पाठवलं. मोठी मुलगी तेव्हा बारावीत होती. त्याच्या प्रकरणात पहिली पाच वर्षं फक्त एवढंच चाललं, की तो कामगार की अधिकारी. आम्ही कंपनीकडून त्याच्या पाळीतल्या मुलांचे रजेचे अर्ज मागवले. छापील फॉर्म, खाली दोन रकाने : ‘शिफारस’ आणि ‘मंजूर’. त्याची सही सगळ्या अर्जांवर ‘शिफारस’च्या रकान्यात होती, ‘मंजूर’मध्ये एकदाही नाही. गेटपासवर सही करायचा अधिकार नव्हता, कोणाला मेमो देता येत नव्हता, आणि आठ तासांतले सहा तास तो स्वतः मशीनवर असे. प्रॉडक्शन शीटवर त्याचाच टोकन नंबर. त्यावर तो कामगार ठरला. अर्जांचा तो गठ्ठा मिळाला नसता तर ठरला नसता. तुम्ही कधीकाळी हे पद घेतलंच, तर पहिल्या दिवसापासून रोज काय काम केलं ते वहीत लिहीत जा.

पैशांचं गणितही मांडा. कारखाने कायद्याच्या ५९ व्या कलमाने दिवसाला ९ किंवा आठवड्याला ४८ तासांवरच्या कामाला दुप्पट दर मिळत होता; २१ नोव्हेंबर २०२५ पासून त्या कायद्याची जागा नव्या संहितेने घेतली, पण ओव्हरटाइमचा (ओटीचा) दुप्पट दर तिच्यातही आहे. मागच्या बारा पे-स्लिप काढा आणि ओटीची सरासरी बघा. तुम्ही महिन्याला सरासरी ३० तास ओटी करत असाल तर ४,२०० ची वाढ तिथेच बुडते. वर पुढच्या वेतनकराराची वाढ तुम्हाला लागू नाही. ग्रॅच्युइटी मात्र पदावर अवलंबून नाही, १६ वर्षांची सेवा धरूनच ती मोजली जाईल. ‘सध्याच्या सेवाशर्ती संपुष्टात’ या वाक्याने मागची सेवा तुटली असं कोणी म्हणू नये म्हणून सेवा सलग धरली जाईल हे पत्रात लिहून मागा.

घरच्यांचं म्हणणंही समजतं. ‘स्टाफ’ झाला की गावाकडे, सोयरिकीत मान वाढतो. हा मान खोटा नाही, आणि काही कारखान्यांत स्टाफमध्ये जाणं खरंच पुढे जाणं असतं. माझा विरोध पदाला नाही, या पत्राला आहे.

उत्तर असं द्या, तुमच्या शब्दांत, एका पानात : “आपलं अमुक तारखेचं पत्र मिळालं. मी बढती नाकारत नाही. मात्र चार्जहॅन्डच्या जागेसाठी करारातल्या अमुक कलमाप्रमाणे माझा विचार व्हावा हा माझा दावा कायम आहे आणि हे उत्तर तो सोडून देणं समजू नये. आपण देऊ केलेल्या पदाचं काम नेमकं काय, मी कोणावर देखरेख करायची, रजा मंजूर करण्याचे वा शिस्तीचे कोणते अधिकार मला मिळतील, प्रोबेशनमध्ये काम समाधानकारक न वाटल्यास मला सध्याच्या ग्रेडवर परत घेतलं जाईल का, माझी सेवा सलग धरली जाईल का, आणि करारातल्या कोणत्या सवलती बंद होतील, हे लेखी कळवावं. ते मिळाल्यावर १५ दिवसांत मी निर्णय कळवीन.” ‘बढती नाकारत नाही’ हे वाक्य गाळू नका. काही करारांत बढती नाकारली तर एक-दोन वर्षं पुन्हा विचार होणार नाही अशी अट असते, आणि ‘यांनाच नको होती’ हा बचाव कंपनीला आयता मिळू नये.

सेवाशर्ती बदलायच्या तर २१ दिवसांची नोटीस लागते ना, असंही तुम्ही विचारलं आहे. लागते. जुन्या कायद्यात ते कलम ९-अ होतं, २१ नोव्हेंबर २०२५ पासून लागू झालेल्या औद्योगिक संबंध संहितेत कलम ४० आहे. पगार, भत्ते, कामाचे तास, पाळ्या, ग्रेडनुसार वर्गवारी, रूढ सवलत काढून घेणं, अशा ठरलेल्या बाबींत कंपनी स्वतःहून बदल करणार असेल तर कामगारांना २१ दिवस आधी नोटीस हवी. पण तुमच्या पत्रात बदल तुमच्या सहीने होतो आहे. सही केली की तो बदल तुमच्या संमतीचा, मग नोटिशीचा मुद्दा फारसा उरत नाही. म्हणूनच तर सही मागतात. उलट, तुमच्या विभागातल्या सगळ्या ऑपरेटरांना एका परिपत्रकाने ‘एक्झिक्युटिव्ह’ करून टाकलं असतं, तर नोटिशीचा मुद्दा पहिला असता.

नवी संहिता आल्याने १९७१ चा कायदा गेला, असंही एकाने तुम्हाला सांगितलं आहे. संहितेने तीन केंद्रीय कायदे रद्द केले : कामगार संघ कायदा १९२६, स्थायी आदेशांचा १९४६ चा आणि औद्योगिक विवाद कायदा १९४७. महाराष्ट्राचा १९७१ चा कायदा त्या यादीत नाही. आणि संहितेच्या स्वतःच्या दुसऱ्या अनुसूचीतही युनियनच्या कामावरून बढती नाकारणं ही अनुचित प्रथाच आहे. मला खरी काळजी वाटते ती स्थायी आदेशांची. संहितेत ते ३०० कामगारांच्या वर लागू होतात, आणि महाराष्ट्रात आजवर ५० वर होते. बुटीबोरी, हिंगणा, कळमेश्वरच्या कितीतरी युनिटांत शे-दोनशेच माणसं आहेत. तिथल्या युनियननी बढतीचा नियम पुढच्या वेतनकरारातच पक्का लिहून घ्यावा, परिशिष्टात का होईना.

संहितेतली एक सोय वापरा. २० किंवा जास्त कामगार असतील तर तक्रार निवारण समिती हवी, दोन्ही बाजूंचे समान प्रतिनिधी असलेली; अर्ज आला की तिने ३० दिवसांत काम पूर्ण करायचं. तिथे अर्ज जरूर द्या, कंपनीला लेखी भूमिका घ्यावी लागते आणि ती पुढे कामाला येते. मात्र समितीच्या उत्तराची वाट बघत ९० दिवस घालवू नका.

हे वाचणारे सगळे बुटीबोरीचे नाहीत, म्हणून थोडं बाकीच्यांसाठी. वेकोलि (वेस्टर्न कोलफिल्ड्स) किंवा मॉयलच्या खाणीत असाल तर राज्याचा १९७१ चा कायदा तुमच्या कामाचा नाही; तिथे केंद्राची श्रम आयुक्त यंत्रणा आणि नागपुरातलंच केंद्रीय औद्योगिक न्यायाधिकरण, आणि कोळशात बढतीचा नियम राष्ट्रीय कोळसा वेतन करार व केडर योजनेत शोधायचा. राज्य सरकारी कर्मचाऱ्यांनी प्रशासकीय न्यायाधिकरणाच्या नागपूर खंडपीठाकडे साधारण एका वर्षाच्या आत जायचं. चौकशीच्या नावाखाली बढती अडवली असेल तर १९९१ चा जानकीरामन निकाल बघा : आरोपपत्र हातात दिल्यानंतरच बढती बंद पाकिटात ठेवता येते, नुसत्या प्राथमिक चौकशीवरून नाही. खासगी शाळांतल्या शिक्षकांची मुदत सगळ्यात आखूड आहे. १९७७ च्या कायद्याच्या नवव्या कलमाखाली बढतीत डावलल्याविरुद्ध शाळा न्यायाधिकरणात अपील करता येतं, पण ३० दिवसांत. मुख्याध्यापकपद हुकलेल्या किती बाई आणि सर माझ्याकडे दिवाळीची सुटी संपल्यावर आले, तेव्हा ती मुदत गेलेली होती.

आणि बाळंतपणाच्या रजेमुळे ‘त्या वर्षीचं मूल्यमापन नाही’ म्हणून मागे ठेवलेल्या बायांनी हे सहन करू नये. १९६१ च्या मातृत्व लाभ कायद्याचं १२ वं कलम रजेच्या काळात सेवाशर्ती तिच्या तोट्याच्या करायला मनाई करत होतं; २१ नोव्हेंबर २०२५ पासून तीच मनाई सामाजिक सुरक्षा संहितेत आहे. अशी प्रकरणं कोर्टात फार कमी येतात, आणि घडतात फार.

तुमचे सात दिवस सोमवारी संपतात. शनिवारी या. येताना मागच्या तीन करारांच्या पूर्ण प्रती, ज्येष्ठता यादीचे जितके वर्षांचे मिळतील तितके फोटो, बारा पे-स्लिप, तिघांच्या बढतीची नोटीस बोर्डावर लागली असेल तर तिचा फोटो, आणि ते पत्र आणा. पत्राची मूळ प्रत आणा. तिच्या मागच्या बाजूला पोचपावतीची जागा आहे, तिथे चुकूनही काही लिहू नका.